लिंबूटिंबूंचे सिनेमे : थेटरात शिट्टी, मोबाईलवर हुंदका

उत्तरेश्वरकर (शनिवार, रात्री ११:१०)

गेल्या आठवड्यात पावसानं झोडपलं त्या रात्री आमच्या तालमीतली लाईट गेली. सराव आटोपला होता, पोरं पायरीवर पाऊस थांबायची वाट बघत बसली होती. एकानं मोबाईलवर ‘दंगल’ लावला, आधीच उतरवून ठेवलेला. तांब्याला टेकवून मोबाईल उभा केला आणि त्याच्याभोवती अकरा पोरं, मी आणि आमचे वस्ताद. वस्तादांचं वय पंचाहत्तरीच्या पुढं. थेटरात जाऊन त्यांना वीस वर्षं तरी झाली असतील.

शेवटची कुस्ती लागली. थोडे सेकंद उरलेत, गीता मागं आहे, आणि ज्याचा मोबाईल त्याच्या आईचा फोन! अकरा पोरं एकदम ओरडली. फोन कापला, चित्र परत सुरू झालं आणि पाच गुणांचा तो डाव पडला. वस्ताद मांडीवर थाप मारून उठले. मग म्हणाले, “थांब. मागं घे.” पोरानं मागं घेतलं. परत बघितलं, परत मागं. तीनदा. तिसऱ्यांदा म्हणाले, “हात बरोबर हाय, पाय अजून आत पाहिजे हुता.” आणि डोळे पुसले.

त्या रात्रीपासून डोक्यात घोळतंय ते इथं विचारतो. खेळातल्या लिंबूटिंबूची गोष्ट, म्हणजे ज्याला कुणी मोजत नाही तो शेवटी उभा राहतो, ही आपण शंभरदा पाहिली आहे. शेवट पहिल्या दहा मिनिटांत कळतो. तरी छाती का भरून येते? आणि थेटरातली ही गोष्ट आता तळहातावर आली, तर ती तीच राहिली का? तुम्ही कुठं पाहिलात, कुणाबरोबर पाहिलात, काय झालं, ते सगळं लिहा.

कटवाली मिसळ (रात्री ११:२२)

पाय अजून आत पाहिजे हुता. वस्तादांना साष्टांग दंडवत.

जयप्रभा_गल्ली (रात्री ११:५८)

माझे वडील थेटरात ऑपरेटर होते, त्यामुळे मी बोलणारच.

कोल्हापूरला सिनेमा शिकवायला लागत नाही. ‘प्रभात’ फिल्म कंपनी १९२९ साली इथंच सुरू झाली, पुण्याला गेली ती १९३३ मध्ये. त्याआधी बाबूराव पेंटरांनी १९२५ साली ‘सावकारी पाश’ काढला, त्यात व्ही. शांताराम बापूंनी जमीन गमावलेल्या शेतकऱ्याचं काम केलं. म्हणजे दुबळ्याच्या बाजूनं कॅमेरा लावायची गोष्ट या गावात शंभर वर्षं जुनी आहे. खेळ नव्हता त्यात, पण ज्याचं कुणी नाही त्याच्याकडं बघायची नजर तीच.

लहानपणी दोन थेटरांत मिळून एकच प्रिंट असायची. इथली पहिली रिळं संपली की पोऱ्या पेटी सायकलला लावून दुसऱ्या थेटराकडं सुटायचा. त्याला उशीर झाला की तिथं पडदा पांढरा आणि पब्लिक शिट्ट्यांवर. वडील म्हणायचे, सिनेमातला हिरो उशिरा आला तर चालतं, सायकलवाला उशिरा येऊन चालत नाही.

२००१ ला ‘लगान’ आला. पावणेचार तासांचा सिनेमा, त्यात तासाभराहून जास्त नुसती मॅच. मी दारात उभा राहून पडद्याकडं नाही, लोकांकडं बघत होतो. शेवटच्या षटकात माणसं खुर्चीच्या कडेवर आली होती. बाहेरून उशिरा आलेला एकजण अंधारात शेजारच्याला विचारतोय, “किती पाहिजेत?” आणि तो कुजबुजत सांगतोय, जणू मॅच आत्ता चाललीय. हे मोबाईलवर होईल? माझं स्पष्ट मत आहे, दुबळ्याच्या मागं गर्दी उभी राहते तेव्हाच तो जिंकतो. गर्दी नसेल तर ती नुसती गोष्ट.

खटक्यावर_बोट (रविवार, सकाळी ७:४०)

काका, आमच्या घरात सिनेमाला अजून शिट्ट्या पडतात. कुकरच्या.

पुण्यात_अडकलेली (सकाळी ८:१५)

जयप्रभा काका, लगानचं वर्णन वाचताना काटा आला. पण मला तुमच्याशी भांडायचंय.

तुमच्या त्या गर्दीत मी कुठं होते? मी राजारामपुरीत वाढले. रात्री नऊ ते बाराचा खेळ आमच्या घरातल्या बायकांसाठी नव्हताच. दुपारचा मिळायचा, तोही मामा नाहीतर भाऊ सोबत असेल तर. गर्दी, शिट्ट्या हे सगळं मी दादाकडून ऐकलेलं.

‘चक दे’ मी पुण्यात हॉस्टेलवर पाहिला, मैत्रिणीच्या लॅपटॉपवर, रात्री दीडला, एका हेडफोनचा एक कान तिच्याकडं आणि एक माझ्याकडं. मी शाळेत हॉकी खेळायचे. नववीनंतर बंद झालं, कारण सरावाहून यायला अंधार व्हायचा. पडद्यावर वेगवेगळ्या राज्यांच्या पोरी एकमेकींकडं संशयानं बघत रांगेत उभ्या राहतात, तिथंच मी रडायला लागले. मॅच तर अजून लांब होती. थेटरात मी तशी रडले नसते, दादा शेजारी असता तर नाहीच. मला गर्दी नको होती हो. मला कुणी बघत नसलेली दोन तासांची जागा पाहिजे होती, ती मला त्या लॅपटॉपनं दिली.

जयप्रभा_गल्ली (सकाळी ८:५०)

पोरी, हे माझ्या ध्यानात यायला पाहिजे होतं. वडील ज्या खोलीत बसायचे तिथून सगळं थेटर दिसायचं, आणि रात्रीच्या खेळाला बायका किती असायच्या ते मला माहीत आहे. ‘गर्दी’ म्हणताना मी अर्ध्या गावाबद्दल बोलत होतो. तुझं बरोबर आहे.

शब्दखिळा (सकाळी ९:३०)

एक शब्दाची शंका. लिंबूटिंबू म्हणजे खेळात घेतलेलं पण न मोजलेलं पोर. ‘त्याला आऊट नाही’ हा त्याचा नियम. मोठी पोरं पकडापकडी खेळतात, धाकटा मागं लागतो, आई ओरडते म्हणून त्याला घेतात, पण तो पकडला गेला तरी राज्य येत नाही.

मग या सिनेमांतला नायक लिंबूटिंबू कसा? मला वाटतं तो सिनेमाच्या सुरुवातीला लिंबूटिंबू असतो. त्याला कुणी आऊटही करत नाही, इतका तो खिजगणतीत नसतो. आणि मध्यंतराच्या आसपास कधीतरी तो म्हणतो, ‘मलाही आऊट द्या, माझ्यावरही राज्य येऊ दे.’ हरण्याचा हक्क मागतो तो आधी. जिंकणं नंतरचं. छाती भरते ती बहुतेक या मागणीपाशी. पुण्यात_अडकलेली यांना रडू मॅचच्या कितीतरी आधी आलं, ते त्यामुळंच असेल का?

उत्तरेश्वरकर (सकाळी ९:४१)

शब्दखिळा, हे मी वस्तादांना वाचून दाखवणार आहे.

मॅटवरची (सकाळी १०:२०)

मी मुलींना कुस्ती शिकवते, शहराबाहेर. ‘दंगल’चा विषय निघालाच आहे तर दोन्ही बाजू सांगते.

आधी चांगलं. हा सिनेमा आला डिसेंबर २०१६ ला. त्याच्या आधी माझ्याकडं मुलीला घेऊन वडील आले तर एकटे यायचे आणि हळू आवाजात बोलायचे. नंतर आजीसुद्धा यायला लागल्या. फरक थेटरामुळं पडला असं मला वाटत नाही. आमच्या गावात थेटर नाही. टीव्हीवर लागला, मग कुणाच्या तरी मोबाईलवर फिरत राहिला, आणि एकदा नाही, दर सुट्टीला परत परत. आजीला पटायला एक वेळ पुरत नाही, पाच वेळा लागतात. डिजिटलचा खरा उपयोग मला तिथं दिसला.

आता जे खुपतं ते. २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुलात गीता फोगटची अंतिम कुस्ती खरं तर एकतर्फी झाली होती. भारताच्या बाईला राष्ट्रकुलात कुस्तीचं पहिलं सोनं मिळालं आणि ते तिनं दिमाखात घेतलं. सिनेमात ते शेवटच्या सेकंदावर टांगलं. वडिलांना कोंडून ठेवणंही रचलेलं. माझ्या मुली मला विचारतात, “ताई, सोप्पं जिंकलं तर सिनेमा होत नाही का?” काय सांगू? रोज पहाटे साडेचारला उठून चार वर्षं घासलं की कुस्ती सोपी होते, आणि ते घासणं पडद्यावर एका गाण्यात संपतं.

त्या एका गाण्यात बदाम कोण आणतो ते पण दाखवत नाहीत. खुराकाचा महिन्याचा खर्च बघितला की अर्ध्या मुली तिथंच सुटतात.

तांबडी_माती (सकाळी १०:४८)

ताई, खुराकाचं लाखमोलाचं बोललात. आमच्या वेळी गंगावेशीच्या कट्ट्यावर धारोष्ण दूध प्यायला गेलं की गवळी विचारायचा, “कुस्ती कधी?” उधारी त्याच्यावर ठरायची. त्या गवळ्यावर सिनेमा पाहिजे.

खरं_बोलू_का (सकाळी ११:३०)

सगळ्यांचा आदर ठेवून विरुद्ध मत. या सिनेमांनी आमच्यासारख्यांचं नुकसान केलंय.

मी सतरा ते तेवीस, सहा वर्षं धावलो. ८०० मीटर. जिल्ह्यात नंबरात यायचो, राज्यात बाद व्हायचो. प्रत्येक वेळी कुणीतरी म्हणायचं, “जिद्द सोडू नको, पिक्चर बघितला नाहीस का?” जिद्द सोडली नव्हती हो. माझ्यापेक्षा चांगले धावणारे चौघे होते, एवढंच. सिनेमा सांगतो की मनापासून केलं तर होतं. म्हणजे ज्याचं झालं नाही त्यानं मनापासून केलं नाही? हे मी वयाच्या तिशीपर्यंत खरं मानत होतो. न जिंकलेल्याची गोष्ट कुणी का काढत नाही?

पेठेतला_गोली (सकाळी ११:३६)

भावा, जिल्ह्यात आलास म्हणजे आमच्यासाठी तू भारीच.

गोळेश्वर_फाटा (दुपारी १२:२५)

खरं_बोलू_का, तुमची पोस्ट दोनदा वाचली. न जिंकलेल्याची गोष्ट निघते कधी कधी. ‘रॉकी’ १९७६ चा. तो माणूस शेवटी हरतो, गुणांवर. त्याला फक्त पंधरा फेऱ्या उभं राहायचं होतं. त्या वर्षीचं सर्वोत्तम चित्रपटाचं ऑस्कर त्या हरलेल्या माणसाच्या सिनेमाला मिळालं. पण आपल्याकडं तसं काढायला कचरतात, हे मान्य.

आणि मला आपल्या मातीतल्या माणसाची गोष्ट इथं सांगावीशी वाटते. खाशाबा जाधव. कराडजवळच्या गोळेश्वरचे, शिकले कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात. १९४८ ला लंडन ऑलिंपिकला सहावे आले. मॅटवर कधी फारसे खेळलेलेच नव्हते, सगळं तांबड्या मातीत. १९५२ ला हेलसिंकीला जायला पैसे नव्हते, तेव्हा प्राचार्य खर्डेकरांनी स्वतःचं घर गहाण ठेवून सात हजार रुपये उभे केले. तिथं जपानच्या इशी या पैलवानाशी अटीतटीची कुस्ती हरल्यावर लगेच सोव्हिएत संघाच्या गड्याशी उतरवलं. मध्ये विश्रांती मिळायला हवी होती, पण बाजू मांडायला आपला एकही अधिकारी हजर नव्हता. कांस्य आलं. स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक.

आता बघा, सिनेमावाला कुठं थांबेल? पदक घेऊन परतल्यावरच्या बैलगाड्यांच्या मिरवणुकीवर. मला पुढचं पाहिजे. पदक घेऊन आलेल्या माणसाला पोलिसात नोकरी लागायला १९५५ उजाडलं, आणि तीही फौजदार म्हणून. मला पाहिजे तो दमलेला गडी, एका कुस्तीतून उठून दुसऱ्या कुस्तीला जाताना, ज्याच्यासाठी हात वर करणारं तिथं कुणी नाही. तिथं थेटर गप्प झालं पाहिजे.

खरं_बोलू_का (दुपारी १२:४०)

तो सिनेमा मी बघेन.

पेठेतला_गोली (दुपारी २:०५)

कुस्तीवाल्यांनी धागा मारला, आता फुटबॉलवाल्यांना जरा जागा द्या.

‘मैदान’ एप्रिल २०२४ ला लागला. पेठेतले आम्ही सहाजण गेलो. आख्ख्या थेटरात आम्ही धरून पंधराएक डोकी. ज्या गावात शाहू स्टेडियमवर पाटाकडील आणि दिलबहार हे तालमींचे संघ समोरासमोर असले की बसायला जागा मिळत नाही, त्या गावात. जीव तुटला माझा. भारताच्या फुटबॉल संघाचे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम म्हणजे काय माणूस! १९५६ ला मेलबर्न ऑलिंपिकमध्ये संघाला चौथं आणलं, १९६२ ला जकार्तात आशियाई खेळांत दक्षिण कोरियाला २-१ हरवून सोनं. जर्नेलसिंग बचावपटू, डोक्याला टाके, त्याला रहीमसाहेबांनी पुढं खेळवला आणि त्यानं अंतिम सामन्यात गोल मारला. रहीमसाहेब स्वतः कॅन्सरनं आतून संपत आलेले, पुढच्याच वर्षी गेले. असली गोष्ट रिकाम्या खुर्च्यांना दाखवली.

मग तो मोबाईलवर आला. सामन्याच्या आदल्या रात्री आमच्या पंधरा वर्षांखालच्या पोरांनी कट्ट्यावर बसून बघितला. दुसऱ्या दिवशी आमचा एक बचावपटू, बारीक पोरगं, म्हणतंय, “मला पुढं खेळवा.” डोक्याला टाके नव्हते म्हणून नाही खेळवला.

आणखी एक. गेली काही वर्षं आम्ही पोरांचे सामने मोबाईलवरून थेट दाखवतो. तिपाई, एक माइक, मागं कुणाची तरी पॉवर बँक. नोकरीसाठी दुबई-बंगळूरला गेलेली पेठेतली माणसं बघतात आणि खाली लिहितात, “अरे विंगला दे की!” वेल्समधल्या रेक्सहॅम क्लबची मालिका बघितलीय कुणी? दोन नटांनी २०२१ ला खालच्या विभागातला हा फुटबॉल क्लब घेतला, कॅमेरा लावला, आणि क्लब २०२३, २४, २५ असा लागोपाठ तीन वर्षं वरच्या विभागात चढत गेला. मला तर बघताना सारखं आपलं स्टेडियम दिसत होतं. आपली पेठ, आपले तालीमवाले, खिडकीतून बघणाऱ्या म्हाताऱ्या, आपला अनिकेत जाधव जो २०१७ ला सतरा वर्षांखालच्या विश्वचषकात भारताकडून खेळला. गोष्टी कमी नाहीत आपल्याकडं. नट कमी पडतायत.

कटवाली मिसळ (दुपारी २:११)

पाटाकडील आधी लिहिलंस आणि दिलबहार नंतर. धागा बंद पडतोय आता.

पेठेतला_गोली (दुपारी २:१३)

अक्षरांच्या क्रमानं लिहायला गेलो असतो तरी भांडण झालंच असतं भावा.

इस्लामपूर_स्टँड (दुपारी ३:००)

मुरलीकांत पेटकर राहिले. आमच्या पेठ-इस्लामपूरचे. १९६५ च्या युद्धात गोळ्या लागल्या, आणि १९७२ ला हायडेलबर्गला ५० मीटर फ्रीस्टाइल पोहण्यात पॅरालिंपिकचं भारताचं पहिलं सोनं. २०२४ ला सिनेमा आला तेव्हा आमच्या शेजारच्या शाळकरी पोरांना पहिल्यांदा कळलं की हे आपल्याकडचे आहेत. पन्नास वर्षं आम्हीही गप्पच होतो की.

टेंबलाईची_पायरी (दुपारी ४:१०)

मी इथं फारशी लिहीत नाही. माझी मुलगी जन्मापासून ऐकू शकत नाही. आता ती सोळा वर्षांची आहे.

थेटरात आम्ही तिला दोनदा नेलं. दोन्ही वेळा ती पडद्यापेक्षा माझ्या हातांकडं जास्त बघत होती, कारण मी खुणांनी सांगत होते आणि अंधारात ते तिला नीट दिसत नव्हतं. मागून कुणीतरी “हात खाली घ्या” म्हणालं. त्यांचंही बरोबर होतं. परत गेलो नाही.

‘इक्बाल’ २००५ चा सिनेमा. नायक न ऐकणारा, न बोलणारा गोलंदाज, आणि त्याची बहीण त्याच्या खुणा इतरांना समजावून सांगते. मुलगी अकरा वर्षांची असताना आम्ही घरी तो मोबाईलवर लावला, खाली शब्द येत होते. पहिल्यांदा असं झालं की मी गप्प बसले होते आणि सिनेमा तिला स्वतःला कळत होता. मध्येच तिनं थांबवला, माझ्याकडं वळली आणि खुणेनं म्हणाली, “त्याची बहीण म्हणजे तू.” मग परत चालू केला. शेवट बघून ती टाळ्या वाजवत नव्हती, आमच्या पद्धतीनं दोन्ही हात वर करून हलवत होती.

वर गर्दीबद्दल चाललंय ते मी वाचलं. पुण्यात_अडकलेली म्हणतात तसं आम्हीही त्या गर्दीत नव्हतो. पण खरं सांगू, तिला ती गर्दी हवी आहे. मोबाईलवर तिला गोष्ट मिळाली, माणसं नाही मिळाली. २०२४ साली केंद्र सरकारनं थेटरांत खाली शब्द दिसावेत यासाठी मार्गदर्शक तत्त्वं काढली आहेत. आपल्या गावात ते होईल तेव्हा मी तिला परत नेईन.

जयप्रभा_गल्ली (दुपारी ४:३५)

बाई, “हात खाली घ्या” म्हणणारा माणूस आमच्या थेटरात असता तर वडिलांनी त्यालाच बाहेर काढलं असतं. पोरीला आशीर्वाद.

एडिट_टेबल (संध्याकाळी ६:२०)

मी सिनेमाच्या संकलनात काम करतो, मूळ गाव कागल. पैशाची बाजू कुणी काढली नाही, ती काढतो. कारण सिनेमा ‘पोचतो’ म्हणजे नक्की काय होतं ते बाहेरच्यांना दिसत नाही.

पूर्वी प्रिंट काढायला पैसे लागायचे म्हणून छोटा मराठी सिनेमा मोजक्या प्रिंटांवर तालुके फिरायचा. आता फाईल उपग्रहावरून नाहीतर हार्ड डिस्कवर थेटरात जाते, कुलूपबंद, आणि ठरलेल्या खेळांपुरती किल्ली वेगळी येते. जयप्रभा काकांचा सायकलवाला गेला. पण खेळाची वेळ कोण देणार? छोट्याला सकाळी साडेनऊचा शो मिळतो. त्या वेळी येणार कोण? सोमवारी आकडा बघून तोही काढतात. खेळाच्या सिनेमाला हे फार मारतं, कारण त्याचं नाव तोंडातोंडी पसरायला दहा-बारा दिवस लागतात, आणि त्याच्या हातात असतात तीन.

मग डिजिटल. मोठ्या साखळी थेटरांचा हिंदी सिनेमांसाठी आठ आठवड्यांचा दंडक आहे, त्याआधी ऑनलाइन आणायचा नाही. मोठ्या सिनेमाला प्लॅटफॉर्म एकरकमी घेतो, आणि थेटरात काय चाललं त्यावर भाव ठरवतो. म्हणजे साडेनऊच्या शोमध्ये पडलेला तिथंही पडतो. छोट्यांना दुसरा रस्ता: फाईल द्या, लोक जेवढे तास बघतील त्याप्रमाणे पैसे. आम्ही कबड्डीवर एक मराठी सिनेमा केला होता. निर्मात्यानं शेती विकून. थेटरात सहा दिवस. मग अशा तासावर एका प्लॅटफॉर्मला दिला. महिन्याचा हिशेब आला तो बघून निर्माता म्हणाला, “एवढ्यात तर आमच्या खेळाडूंची मिसळ पण होत नाही.” सिनेमा तिथं होता, पण शोधपट्टीत पूर्ण नाव अचूक टाकलं तरच दिसायचा. हजारो सिनेमांच्या ढिगात तो लिंबूटिंबू. शब्दखिळा म्हणतात तसा, त्याला कुणी आऊटही करत नव्हतं.

तिसरा रस्ता आमिर खाननं २०२५ ला दाखवला. ‘सितारे जमीन पर’, वेगळ्या बौद्धिक क्षमतेच्या खेळाडूंच्या बास्केटबॉल संघाची गोष्ट. थेटरात जूनमध्ये, आणि १ ऑगस्टपासून थेट यूट्यूबवर, तेव्हा शंभर रुपये भाडं भरून बघायचा. वर्गणी नाही, काही नाही. मला हे मनापासून आवडलं. पण त्याच्याकडं नाव आहे. आमच्या कबड्डीला शंभर रुपये द्यायला आधी तिचं नाव कळायला हवं.

खटक्यावर_बोट (संध्याकाळी ६:३२)

दादा, एक विचारतो. एकाच सिनेमाचं यादीत दिसणारं चित्र माझ्या आणि बायकोच्या मोबाईलवर वेगळं का दिसतं? मला त्यात पैलवान दिसतो, तिला त्यात लग्न दिसतं. सिनेमा एकच! आम्ही दोघं आपापल्या कारणानं बसलो आणि दोघंही रडलो.

एडिट_टेबल (संध्याकाळी ६:४०)

तुम्ही आधी काय बघितलं त्यावरून ते चित्र निवडलं जातं. काही प्लॅटफॉर्मनी हे उघड सांगितलंय. तुमच्या घरात ते बरोबर जुळलं म्हणायचं.

राधानगरी_रोड (रात्री ८:१५)

उत्तरेश्वरकरांचा मूळ प्रश्न असा होता की शेवट माहीत असून छाती का भरते. मी उलटी गोष्ट सांगतो, शेवट माहीत नसलेली.

१ ऑगस्ट २०२४. आमच्या तालुक्यातल्या कांबळवाडीचा स्वप्नील कुसळे पॅरिसला ५० मीटर रायफलच्या अंतिम फेरीत. पात्रता फेरीत सातवा आलेला. ऑलिंपिक मोबाईलवर फुकट दिसत होतं म्हणून आम्ही दुकानात काउंटरवर लावलं. गिऱ्हाईक आलं की तेही थांबायचं. नेमबाजीत काही दिसत नाही हो, माणूस हलत सुद्धा नाही. पहिली गुडघ्यावरची पाळी झाली तेव्हा तो सहावा. झोपून मारायची पाळी, पाचवा. उभं राहिल्यावर एकेक जण गळत गेला आणि हा वर सरकत गेला. ४५१.४, कांस्य. खाशाबांनंतर ७२ वर्षांनी महाराष्ट्राचं वैयक्तिक पदक. दुकानात ओळख नसलेली माणसं एकमेकांच्या गळ्यात पडली. पेढ्यांचे पैसे कुणी दिले ते अजून कळलेलं नाही.

आणि तेव्हाच्या बातम्यांत एक गोष्ट आली होती ती मी विसरलो नाही. स्वप्नील तेव्हा रेल्वेत तिकीट तपासनीस, धोनीही पूर्वी तेच काम करायचा, आणि धोनीवरचा सिनेमा स्वप्नीलनं कितीतरी वेळा पाहिलाय. आता सांगा, त्याला काय शेवट माहीत नव्हता? आख्ख्या देशाला माहीत होता. तो शेवटासाठी बघत नसणार. ड्यूटी करून आल्यावर सराव करणाऱ्या माणसाला, आपल्यासारखं अजून कुणीतरी फलाटावर उभं होतं, एवढं बघायचं असेल. वस्तादांनी डाव मागं घेतला ना, तसंच. जिंकलेलं बघायला नाही, पाय कुठं होता ते बघायला.

खरं_बोलू_का (रात्री ८:३१)

राधानगरी, हे पटलं. मी धावणं सोडलं तरी मिल्खासिंगचं चौथं येणं अजून परत परत बघतो. कधी स्वतःला विचारलं नव्हतं का ते.

उत्तरेश्वरकर (रात्री ९:४५)

आज संध्याकाळी हा सगळा धागा वस्तादांना वाचून दाखवला. ‘त्याला आऊट नाही’ वर बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, “एक पडदा लावू या मंडळाच्या हॉलात. समद्यांनी मिळून बघू.” पोरं लगेच कामाला लागली. प्रोजेक्टर एकाच्या क्लासमधून मिळतोय. जमिनीवर सतरंज्या. पुढची अर्धी जागा बायका-मुलींना, आणि आठ दिवसांनी, वेळ संध्याकाळी सहाची, फार रात्र व्हायच्या आत घरी जाता येईल अशी. पुण्यात_अडकलेली, तुमच्यामुळं ही वेळ ठरली. मॅटवरची ताई, तुमच्या मुलींना घेऊन या. खुराक आमच्याकडं.

‘दंगल’च लावायचा विचार आहे.

एडिट_टेबल (रात्री १०:०२)

दादा, थांबा. घरची वर्गणी घरात बघण्यापुरती असते. हॉलात गाव जमवून दाखवायचं तर हक्क ज्याचे त्याची परवानगी लागते, फुकट दाखवलं तरी. मोठ्या सिनेमाची तशी परवानगी आठ दिवसांत मिळणं अवघड.

उत्तरेश्वरकर (रात्री १०:०५)

अरे देवा. पोरांनी सतरंज्या झटकल्या पण.

जयप्रभा_गल्ली (रात्री १०:१२)

एडिट_टेबल, तुमच्या त्या कबड्डीच्या सिनेमाचे हक्क कुणाकडं आहेत?

एडिट_टेबल (रात्री १०:२६)

…निर्मात्याकडंच. तासावर दिला होता, विकला नव्हता. आत्ता फोन केला त्यांना. आधी त्यांना वाटलं मी चेष्टा करतोय. मग म्हणाले, “किती माणसं येतील?” मी म्हटलं, तालीम, पेठ, मॅटवरच्या मुली, धरा दीडशे. बराच वेळ काही बोललेच नाहीत. म्हणाले, मी स्वतः येतो.

तांबडी_माती (रात्री १०:३०)

पेढे माझ्याकडून. या वेळी कुणी दिले ते कळू दे.

टेंबलाईची_पायरी (रात्री १०:४१)

आम्ही दोघी येऊ का? सिनेमात खाली शब्द आहेत का?

एडिट_टेबल (रात्री १०:४४)

ताई, आहेत, पण इंग्रजीत. मराठी करायला घेतो. आवाज, शिट्टी, हलगी, सगळं शब्दांत लिहितो. आठ दिवस आहेत, होतंय.

उत्तरेश्वरकर (रात्री १०:५०)

ताई, पहिल्या रांगेत मधली जागा तुमची. तिच्यासाठी आणि तुमच्या हातांसाठीही. हॉलात उजेड थोडा ठेवू.